बोर्ड क्रमांक दोन

पुस्तकानं गप्प बसायचं आणि वाचणाऱ्यानं बोलायचं, अशीच आजवरची रीत. पण माझ्या पोटात एक खोटं छापलेलं आहे आणि ते घेऊन मी चाळीस वर्षं गप्प बसले. आता माझी शिवण उसवली, पानं पिवळी पडली. मन मोकळं करायचं तर ते आजच.

मी एक प्रत. आम्ही पाचशे जणी एकाच आठवड्यात छापून निघालो, एकसारख्या निळ्या कापडी बांधणीच्या. दुसरं महायुद्ध संपल्यानंतरच्या तीस वर्षांत टेलिफोन एक्स्चेंजमध्ये काम करणाऱ्या बायकांचा इतिहास, हा आमचा विषय. त्या काळात अशा पुस्तकांचं पेवच फुटलं होतं. राजे आणि लढाया लिहून लिहून इतिहासवाल्यांचे हात दुखले असावेत. मग कुणी परिचारिकांवर लिहिलं, कुणी गोदीकामगारांवर, कुणी ट्रॅम चालवणाऱ्यांवर. मी ज्या वाचनालयात गेले तिथं आम्ही सगळी एकाच फळीवर होतो. माझ्या शेजारी शाळातपासनिसांचा दोन खंडांतला इतिहास होता. त्याला कधी कुणी हातच लावला नाही, त्यामुळे त्याचं कव्हर कोरं करकरीत होतं आणि त्याचा त्याला केवढा तोरा!

मला लिहिलं एका प्राध्यापकांनी. माणूस सरळ आणि कष्टाळू, विसराळूपणा तर पाचवीला पुजलेला. खांद्याला जड टेपरेकॉर्डर अडकवून ते तेहतीस निवृत्त ऑपरेटर बायकांच्या घरी गेले, त्यांच्या हातचा चहा प्याले, आणि त्या जे बोलल्या ते सगळं टिपून घेतलं. म्हणून माझ्यात बऱ्याच खऱ्या गोष्टी आहेत. बाया बारा बारा तास कशा बसायच्या, एका हातानं कॉल जोडायच्या वायरचं टोक बोर्डाच्या भोकात खुपसून दुसऱ्या हातानं त्या कॉलची चिठ्ठी कशी लिहायच्या, खोकला आला तर हेडफोनमध्ये ऐकू जाऊ नये म्हणून पदर तोंडात कसा कोंबायच्या. ती पानं वाचताना लोक हसत आणि मग थोडे गंभीर होत. मला त्याचा अभिमान वाटायचा, खोटं कशाला सांगू.

माझ्यातलं सगळ्यात मोठं प्रकरण आहे संपाचं. ऑपरेटर बायकांनी दहा दिवस काम बंद ठेवलं होतं. सातव्या दिवशी कुणीतरी गुपचूप आत जाऊन बोर्डावर बसलं. गावात फोन लागायला लागले, बाहेर बसलेल्या बायकांचा धीर सुटला, दुसऱ्या दिवशी डझनभर जणी कामावर गेल्या आणि दहाव्या दिवशी संप बारगळला. तिघींना कायमचं घरी बसवलं. आत कोण गेली होती, हे मात्र कुणालाच कळलं नाही.

प्राध्यापकांना ऑफिसच्या जुन्या कपाटात त्या दिवशीच्या कॉलच्या चिठ्ठ्या सापडल्या. एक्केचाळीस चिठ्ठ्या. ऑपरेटरचं नाव चिठ्ठीवर लिहायची पद्धत नव्हती, फक्त बोर्डाचा नंबर आणि वेळ. सगळ्यांवर बोर्ड क्रमांक दोन. बोर्डांचे नंबर डावीकडून सुरू व्हायचे, आणि पाच बोर्डांसमोर पाच बायका मान मागे वळवून बसल्याचा संपाच्या महिन्यातला एक फोटो प्राध्यापकांकडे होता. डावीकडून दुसरी कोण, ते त्यांनी चार जुन्या बायकांना विचारलं. चौघींनी चेहरा ओळखला. प्राध्यापकांनी त्या बाईला पत्र पाठवलं, ते जुन्या पत्त्यावर गेलं आणि उत्तर आलं नाही. उत्तर न येणं म्हणजेच कबुली, असं त्यांना वाटलं. इथं त्यांचं चुकलंच. एवढा हिंडणारा माणूस, एक जिना आणखी चढला असता तर काय बिघडलं असतं?

तर माझ्या एकशे चौदाव्या पानावर तो फोटो छापला गेला आणि खाली त्या बाईचं नाव, पुढे, ‘हिनेच संप फोडला.’

ती बाई म्हणजे थोरली. एक्स्चेंजमध्ये सगळ्या तिला थोरलीच म्हणायच्या, कारण तिची एक जिवाभावाची मैत्रीण होती ती धाकटी. दोघी सख्ख्या बहिणी असाव्यात इतक्या बोलायच्या. शेवटी कंटाळून सुपरवायझर बाईंनी दोघींच्या मधल्या बोर्डावर स्वतःची खुर्ची टाकली.

वाचनालयातून मला पहिल्यांदा घरी नेलं ते थोरलीच्या मुलीनं. ती शाळेत शिकवायची. आईच्या कामावर पुस्तक निघालंय याचं तिला कोण कौतुक! संध्याकाळी स्वयंपाकघरातल्या टेबलावर मला उघडून ती मोठ्यानं वाचू लागली. थोरली शेंगा सोलत ऐकत होती, मध्येच “अगदी बरोबर” म्हणत होती, पदराची गोष्ट आली तेव्हा तर तिला हसता हसता ठसका लागला. मुलगी एकशे चौदाव्या पानावर आली आणि मध्येच थांबली.

“काय गं? वाच की पुढं.”

मुलीनं मला तिच्यासमोर सरकवलं. थोरलीनं चष्मा पुसला, वाचलं, पुन्हा वाचलं. छापखान्यातून निघाल्यापासून मला पहिल्यांदाच वाटलं की आपण निघालो नसतो तर बरं झालं असतं.

“आई, हे खरंय?”

“खुळी आहेस का! सातव्या दिवशी मी फाटकासमोर सतरंजीवर बसले होते. तू मांडीवर होतीस.” मग तिनं मला डोळ्यांजवळ नेलं. बराच वेळ बघत राहिली. “अगं, हा फोटो उलटा छापलाय. हेडफोन बघ. आम्ही सगळ्या डाव्या कानाला लावायचो. उजव्या बाजूला चिठ्ठ्यांचा गठ्ठा असायचा, त्या अंगाला वायर आलेली चालायची नाही. इथं सगळ्यांच्या उजव्या कानाला आहे. स्टुडिओवाल्यानं निगेटिव्ह उलटी ठेवली असणार. माझा बोर्ड चार नंबरचा.”

मुलीचा जीव भांड्यात पडला. “मग सांगू या ना त्यांना! उद्याच जाऊ.” आणि थोड्या वेळानं तिनं विचारलं, “मग दोन नंबरवर कोण बसायचं?”

थोरलीनं शेंगांची टरफलं गोळा केली आणि उठून गेली.

दुसऱ्या दिवशी प्राध्यापकांच्या खोलीत मी त्यांच्या टेबलावर उघडी पडून होते. मायलेकी समोर बसल्या होत्या. तोवर थोरलीला दोन जुन्या मैत्रिणी रस्त्यात दिसल्या होत्या आणि दोघींनी तिला पाहून रस्ता ओलांडला होता. तिचा चेहरा एका रात्रीत उतरला होता.

“बाई, माझं काही चुकलं असेल तर मोकळेपणानं सांगा,” प्राध्यापक म्हणाले. ते खरोखर अस्वस्थ झाले होते. “तुम्ही पुरावा द्या, मी शुद्धिपत्रक छापतो. पाचशेच्या पाचशे प्रतींत स्वतःच्या हातानं चिकटवतो. तुमचं नाव काढतो आणि जी खरी होती तिचं घालतो.”

“तिचं घालायलाच पाहिजे का?”

“चिठ्ठ्या आहेत ना, बाई. बोर्ड दोनवर कुणीतरी होतंच. इतिहासात जागा मोकळी कशी सोडायची?”

“आणि ती का गेली होती, ते लिहाल?”

“तिनं स्वतः सांगितलं तर जरूर लिहीन.”

“आणि ती हयातच नसेल तर?”

“मग अवघड आहे,” प्राध्यापक म्हणाले. “ऐकीव कारण छापता येत नाही.”

थोरलीनं माझ्यावर हात ठेवला, नेमका फोटोवर. आता तिनं नुसतं कानाकडे बोट दाखवायचा अवकाश होता. हेडफोन दाखवले की फोटो सुलटा होणार, फोटो सुलटा झाला की ती सुटणार आणि धाकटी अडकणार. मुलगी तोंड उघडणार तोच थोरलीनं तिचं मनगट घट्ट धरलं.

“बरोबरच छापलंय, सर,” ती म्हणाली. “मीच होते.”

माझ्यावर हजारो अक्षरं आहेत, पण त्या क्षणी एकही माझ्या कामाचं नव्हतं. मला ओरडून सांगावंसं वाटत होतं की अहो, कान बघा! प्राध्यापकांनी फक्त मान हलवली आणि मला अलगद मिटलं.

बाहेर आल्यावर कॉलेजच्या पायऱ्यांवर मुलगी रडायलाच लागली. मी तिच्या पिशवीत होते.

“का पण, आई? का?”

“धाकटीची आई लांबच्या गावी दवाखान्यात होती,” थोरली म्हणाली. “पत्राला चार दिवस लागायचे. ट्रंक कॉल कोण लावणार? लावणाऱ्या आम्हीच, आणि आम्ही तर सतरंजीवर. ती फक्त एक कॉल लावायला मागच्या जिन्यानं वर गेली. लावला. पलीकडून सांगितलं, बाई परवाच गेल्या.”

“मग बाकीचे चाळीस?”

“हेडफोन कानाला तसाच होता गं. समोर सगळ्या बोर्डभर दिवे लुकलुकत होते. दिवा लागला की हात जातोच. ती म्हणाली, मी रडत होते आणि हात आपला जोडत होता. चिठ्ठ्यासुद्धा लिहिल्या वेडीनं, एकूण एक! त्याच तर आता सरांना सापडल्या. हे तिनं मला सांगितलं त्यानंतर मी दोन महिने तिच्याशी बोलले नाही. त्याचं मला अजून वाईट वाटतं.”

“अगं, पण ती चार वर्षांपूर्वीच गेली! तिला काय फरक पडतो?”

“ती नाहीये म्हणूनच. तिला कुणी नावं ठेवली तर उत्तर कोण देणार? तिच्या मुलांना तर यातलं काहीच ठाऊक नाही. मी जिवंत आहे. मला तोंडावर बोलतील, मी ऐकून घेईन.”

“आणि मी? मला नाही का आई? माझ्या आईला लोक फितूर म्हणालेले मी ऐकून घ्यायचं?”

थोरली पायरीवर टेकली. मुलीलाही तिनं शेजारी बसवलं आणि म्हणाली, “तुझ्यावर अन्याय होतोय खरा. तेवढं माझ्यासाठी सोस.”

मुलीनं सोसलं, पण मनापासून नाही. पुढची सहा वर्षं मायलेकींच्या बोलण्यात एक गाठ राहिली. ती मला माहीत आहे, कारण दर दोन-तीन महिन्यांनी मुलगी वाचनालयात यायची, मला फळीवरून काढायची, ते पान उघडायची आणि पर्समधली पेन्सिल हातात धरून उभी राहायची. लिहायची काहीच नाही. निवृत्त ऑपरेटरांच्या वार्षिक मेळाव्याचं आमंत्रण थोरलीला त्या वर्षापासून बंद झालं. ती वारली तेव्हा एक्स्चेंजमधलं एकही माणूस आलं नाही. हे मला ग्रंथपाल बाईंच्या बोलण्यातून कळलं. मी फळीवर उभी होते, आणि आपल्याच पानांची मला किळस आली.

नंतर प्राध्यापकही गेले. दुसरी आवृत्ती काही निघाली नाही. एक्स्चेंजच्या इमारतीत आता कापडाचं दुकान आहे म्हणतात. मला न्यायला कुणी येईनासं झालं. मागच्या वर्षी वाचनालयानं जुनी पुस्तकं काढायचं ठरवलं आणि माझ्या पहिल्या पानावर ‘रद्द’ असा शिक्का बसला. शाळातपासनिसांचे दोन्ही खंड माझ्याबरोबर त्याच खोक्यात आले. त्यांचा तोरा तिथंही उतरला नव्हता.

रद्दीचा टेम्पो यायच्या दिवशी थोरलीची मुलगी आली. आता तिचेही केस पांढरे झालेत, गुडघे दुखतात. ती खोक्यासमोर खाली बसली आणि एकेक पुस्तक बाजूला करत मला शोधून काढलं.

“घेऊन जा, पण याचा काय उपयोग तुम्हाला?” नव्या ग्रंथपालानं विचारलं.

“यात माझ्या आईचा फोटो आहे,” ती म्हणाली.

तेव्हापासून मी तिच्या घरी आहे. तिनं माझ्यात आजही काही खोडलेलं नाही की लिहिलेलं नाही. आईला दिलेला शब्द तिनं पाळला, रागावून का होईना. पण आमच्या इतर चारशे नव्व्याण्णव जणी कुठं आहेत, कुणाच्या कपाटात, कुणाच्या अभ्यासाच्या टेबलावर, मला माहीत नाही. त्या सगळ्या अजून तेच सांगत असतील. तुम्हाला एखादी भेटली तर मी हात जोडते, एकशे चौदाव्या पानावर विश्वास ठेवू नका. आणि जमलं तर, मुलगी मला घेऊन करते, तेवढं त्या प्रतीला घेऊन करा.

काल दुपारीही तिनं केलं. मला एकशे चौदाव्या पानावर उघडलं आणि कपाटाच्या आरशासमोर धरलं. आरशात फोटो सुलटा होतो. हेडफोन डाव्या कानाला येतात, धाकटी दोन नंबरवर, थोरली आपल्या चार नंबरवर, दोघी सुपरवायझर बाईंच्या दोन बाजूंनी हसू दाबत बसलेल्या. आणि खालची अक्षरं उलटी होतात, काही केल्या वाचता येत नाहीत. मुलगी हात दुखेपर्यंत मला तशीच धरून उभी होती.