माउस डाव्या बाजूला

तृप्तीने एकदा मनावर घेतलं की घरातल्या ढेकणांचीसुद्धा खैर नसे, तिथं कॉम्प्युटरमधल्या गेमांची काय कथा! शनिवारी सकाळी तिने लेकीला, मीनाला, शाळेत धाडलं, भाकरी थापून दुरडीत झाकल्या, पदर खोचला आणि दिवाळीआधी माळा आवरायला चढावं तशी ती कॉम्प्युटरसमोर जाऊन बसली.

कारणही तसंच होतं. सोमवारी तिची बालवाडी-शिक्षिकेच्या कोर्सची परीक्षा होती, तीही घरबसल्या, कॅमेऱ्यासमोर. दोन वर्षं पोळपाटाशेजारी पुस्तक उघडून तिने अभ्यास केला होता. परीक्षेसाठी एक प्रोग्रॅम कॉम्प्युटरवर घ्यायचा होता आणि कॉम्प्युटर म्हणत होता, जागा नाही. जागा असणार कुठून? अकरा वर्षांच्या लेकीने त्याच्या पोटात पोत्यात सरकी ठासावी तसे गेम ठासले होते.

"समदे काढून टाकणार हे मी उद्या," तृप्तीने आदल्या दिवशीच दम भरला होता.

मीनाने रडारड केली नाही. खरं तर तिथंच नवल वाटायला हवं होतं, पण तृप्ती रागात होती आणि रागात माणसाला नवल वाटत नाही. "काढ समदे," मीना म्हणाली. "फक्त तो ठोकळ्यांचा ऱ्हाऊ दे. तो माझा न्हाई, अण्णांचा हे."

"अण्णांचा!" तृप्तीने कपाळाला हात लावला. "खोटं बोलायचंच तर पटंल असं तरी बोल गं बाई."

अण्णा म्हणजे तृप्तीचे सासरे, अण्णासाहेब. गोदावरीकडच्या तीर्थपुरीपासून थेट उत्तरेला केदारखेड्यापर्यंत विहिरी बांधणारा गवंडी म्हणून एके काळी त्यांचं नाव होतं. दीड वर्षापूर्वी त्यांच्या अंगावरून वारं गेलं. उजवा हात गेला, उजवा पाय ओढत चालावं लागलं आणि बोलणं तर पार गेलं. डॉक्टर म्हणाले होते की यांना शब्द सापडत नाहीत, बाकी सगळं समजतं. पण ते वाक्य दवाखान्यातच राहिलं. घरी आलेला प्रत्येक पाहुणा त्यांच्या तोंडावर म्हणायचा, "डोक्यावर परिणाम झाला बिचाऱ्याच्या," आणि ऐकून ऐकून घरच्यांनाही ते खरं वाटायला लागलं.

त्याच सकाळची गोष्ट घ्या. सोमेश्वर, तृप्तीचा नवरा, कपबशी घेऊन बापाच्या पुढ्यात उभा होता आणि विचारत होता आईला. "माय, अण्णा चहा घेत्यात का?" उषाबाई आतून म्हणाल्या, "घेत्यात, दे." अण्णा तिथेच बाजेवर बसून दोघांचं ऐकत होते. असं रोज व्हायचं आणि कुणाला त्यात काही वावगं वाटायचं नाही. तृप्तीलाही वाटत नव्हतं, उगाच तिची बाजू कशाला घ्या. सून म्हणून ती वाईट नव्हती. अंघोळीचं पाणी, मऊ भात, औषधं सगळं वेळच्या वेळी व्हायचं. दुपारी ती बालवाडीत मदतीला जायची तेव्हा सकाळच्या शाळेतून आलेली मीना आजोबांना कॉम्प्युटरसमोरच्या खुर्चीत बसवायची. चित्रं बघत गप बसतात, चांगलंच झालं, असं सगळे म्हणायचे.

एक गोष्ट मात्र तृप्तीला रोज छळायची. संध्याकाळी घरी यावं तर माउस की-बोर्डच्या डाव्या बाजूला. तिने तो उजवीकडे ठेवावा, दुसऱ्या दिवशी पुन्हा डावीकडे. पोरीला ही काय भलती खोड लागली म्हणून ती मीनाला रागवायची आणि मीना नुसती तिच्याकडे बघत राहायची.

तर त्या शनिवारी गेम एकामागून एक निघायला लागले. गाड्या पळवायचा गेला, फुगे फोडायचा गेला, बाहुलीला साड्या नेसवायचा गेला. दर वेळी कॉम्प्युटर विचारायचा, खरंच काढायचं का? आणि तृप्ती मनात म्हणायची, तुला काय करायच्या चौकशा, काढ! सतरा गेम निघाले तेव्हा परीक्षेपुरती जागा झाली होती. उरला तो एकटा ठोकळ्यांचा. त्याच्यावरही तिने बाण नेला, कॉम्प्युटरने तोच प्रश्न विचारला, आणि तिचं बोट थांबलं.

दया आली म्हणून नव्हे. तिला वाटलं, आधी उघडून बघावं, आत काय भातुकली मांडलीय ते पाहावं आणि दुपारी लेकीला मुद्देमालासकट पकडावं. तिने गेम उघडला.

हिरवंगार सपाट रान होतं. चौकोनी झाडं, चौकोनी ढग. आणि अगदी पायाशी एक विहीर.

तृप्तीने बटणं दाबत दाबत वाकून पाहिलं. खाली, खूप खाली, निळं पाणी. काठापासून पाण्यापर्यंत काळ्या दगडाचे थरावर थर, आणि भिंतीला लागून उतरत गेलेल्या पायऱ्या. ती एक पायरी उतरली, मग दुसरी. भिंत गोल होती. चौकोनी ठोकळ्यांतून गोल भिंत कशी काढली असेल, याचा तिने विचार करून पाहिला आणि सोडून दिला. मग तिला दिसलं की दगड दोन छटांचे आहेत, थोडे काळे आणि थोडे राखाडी, आणि ते कसेही लावलेले नाहीत. दोन ठोकळे एका रंगाचे, पुढचे दोन दुसऱ्या रंगाचे; वरच्या थरात तीच जोडी निम्म्याने सरकवलेली. तळापर्यंत कुठेही एक चूक नव्हती.

"अगं बाई," ती एकटीच म्हणाली.

ती वर आली. विहिरीपासून एक पांदण निघाली होती. त्या वाटेने गेली तर पुढे दुसरी विहीर, तिच्याहून रुंद. पुढे तिसरी, तिला मोटेचं पाणी ओतायचं दगडी थारोळं. मग चौथी. एका बाजूला लांब निळा पट्टा दिसत होता, तो गोदावरीचा असणार, कारण विहिरी तिथून सुरू होऊन वर उत्तरेकडे जात होत्या. दहा झाल्या, पंधरा झाल्या, तरी वाट संपेना. देवळात गाभाऱ्यापुढे उभं राहिल्यावर आवाज आपोआप खाली येतो, तसा तिचा श्वाससुद्धा हळू झाला होता. हे मीनाचं काम नव्हतं. मीनाला साधी चादर सरळ घालता येत नव्हती.

"आत्या!" तिने सासूला हाक मारली. "आत्या, जल्दी या हिकडं!"

उषाबाई मेथी निवडत होत्या. हात पुसत आल्या, चष्मा शोधला, स्क्रीनकडे पाहून म्हणाल्या, "हे काय लावलं सकाळच्या पारी?" आणि मग एकदम तिचा खांदा धरला. "थांब. मागं घे. मागं घे म्हन्ते ना!"

तृप्तीने मागं घेतलं.

"ही केदारखेड्याची हीर हे."

"कशावरून?"

"उतर खाली. बारा पायऱ्या मोज. बारा झाल्या की डावीकडं वळण पायजे. तिथं खडक लागल्ता, फुटता फुटंना. मंग ह्येंनी पायऱ्याच वळवल्या."

तृप्ती मोजत उतरली. दहा, अकरा, बारा. पायऱ्या डावीकडे वळल्या.

मग उषाबाईंनी पायानेच स्टूल ओढलं आणि बसल्या. पुन्हा पहिल्या विहिरीपासून सगळं त्याच सांगत गेल्या. ही घनसावंगीची, हिला तीन महिने लागले. ही नदीकाठची, हिचा काठ दोनदा ढासळल्ता. दगडांचे दोन रंग कशाला, असं तृप्तीने विचारलं तर म्हणाल्या, "सांध्यावर सांधा आला की भिंत फाटती. जिंदगीभर ह्येंचं तेवढंच बोलणं. ठोकळ्यात सांधा दिसंना म्हणून रंगानं दाखवला आसंल."

"आन् आत्या, तिसरी पायरी? समद्याच हिरीत तिसरी पायरी रुंद हे."

"हिरीचे मालक इचारायचे तर ह्ये सांगायचे, घागर टेकवायला," उषाबाई म्हणाल्या. "बसायची मी. घमेली वाहून दम लागायचा, सोमा अंगावर पीत व्हता. सावलीला तेवढीच जागा."

तृप्तीला रडू आलं, आणि लाजही वाटली. काखेत कळसा नि गावाला वळसा म्हणतात ते काय खोटं? दीड वर्ष हे घर येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होतं की अण्णांचं डोकं गेलं. ते डोकं इथे होतं, याच खोलीत, पायऱ्यांच्या मोजमापासकट. आणि आपण रोज त्याचा माउस उचलून उजवीकडे ठेवत होतो. आणि आत्ता, अर्ध्या तासापूर्वी, एक बटण दाबलं असतं तर!

उषाबाईंच्या हिशेबाने बत्तीस विहिरी व्हायला हव्या होत्या. बत्तीस भरल्या. वाट मात्र आणखी पुढे गेली होती, आणि शेवटी तेहतिसावी विहीर होती, अर्धवट. तळ झाला होता, भिंत जेमतेम चार थर वर आली होती.

"ही कुणाची?"

"ही न्हाई बांधली ह्येंनी." उषाबाईंनी चष्मा पुसून पुन्हा लावला. "कुणाचीच न्हाई ही."

तृप्तीने सभोवार फिरून पाहिलं. बाजूला एक लिंबाचं झाड होतं, आणि झाडाखाली दोन खोल्यांचं घर, निळ्या दाराचं. निळं दार त्यांच्याच मळ्यातल्या घराला होतं. लोकांच्या बत्तीस विहिरी बांधणाऱ्या माणसाच्या स्वतःच्या वावरात एक बोअर होता, बस्स. विहिरीचं पुढच्या साली बघू, पुढच्या साली बघू, असं करत अण्णांचा उजवा हातच राहून गेला होता.

मग तिला ते दिसलं. भिंत खाली, चार थरांवर. पण वर, काठाच्या जरा खाली, हवेत एक रुंद दगड ठेवलेला होता. खाली आधार नाही, बाजूला भिंत नाही. या खेळात दगड अधांतरी राहतो, आणि अण्णांना तेही सापडलं होतं.

उषाबाई एकदम हसल्या. "येडा गवंडी!" त्या म्हणाल्या. "भिंतीचा पत्ता न्हाई आन् तिसरी पायरी आधी!" दीड वर्षात त्या नवऱ्याला असं काही बोलल्या नव्हत्या. हसता हसता त्यांनी पदर डोळ्यांना लावला आणि बराच वेळ काढला नाही.

मागे काठीचा आवाज झाला. अण्णा दारात उभे होते. त्यांनी स्क्रीनकडे पाहिलं, मग दोघींकडे, आणि चोरी पकडल्यासारखी त्यांची नजर खाली गेली.

तृप्ती खुर्चीतून उठली. तिने माउस उचलला आणि डाव्या बाजूला ठेवला.

"अण्णा," तिने विचारलं, "ही आपल्या मळ्यातली हे का?"

आणि ती थांबली. थांबणं सोपं नव्हतं. जीभ शिवशिवते, आपणच उत्तर द्यावंसं वाटतं. अण्णांचे ओठ हलले, काही निघालं नाही, पुन्हा हलले. भिंतीवरचं घड्याळ टकटक करत होतं. मग त्यांनी मान हलवली. हो. आणि घशातून एक आवाज काढला, जाड, ओबडधोबड, पण तो होकाराचाच होता.

ते खुर्चीत बसले. डाव्या हाताने माउस धरला आणि पाचवा थर सुरू केला. तृप्ती मागे उभी राहून बघत राहिली. परीक्षेचा प्रोग्रॅम नंतर घेता येणार होता.

साडेबाराला सोमेश्वर मोटार वाइंडिंगचं दुकान बंद करून जेवायला आला. मागोमाग दप्तर सावरत मीना. तिने घाबरून आधी कॉम्प्युटरकडे पाहिलं, डावीकडचा माउस पाहिला, आणि दप्तर हळूच खाली ठेवलं. सोमेश्वर मात्र नेहमीप्रमाणे मोरीत हात धुता धुता म्हणाला, "माय, अण्णा जेवले का?"

उषाबाई स्टुलावर बसून होत्या. त्यांनी मानही वळवली नाही.

"मला काय इचारून राह्यला?" त्या म्हणाल्या. "समोर बसलेत ते. त्यांनाच इचार की."

सोमेश्वर ओले हात तसेच धरून उभा राहिला. त्याने बायकोकडे पाहिलं, लेकीकडे पाहिलं. कुणीच त्याच्या मदतीला आलं नाही. शेवटी तो बापाजवळ गेला आणि खाली वाकला.

"अण्णा," तो म्हणाला, "जेवले का तुमी?"

सगळे थांबले. अण्णांनी डावा हात वर करून त्याला जरा दम धर म्हणून खुणावलं, उरलेला एक दगड जागेवर बसवला, आणि मग लेकाकडे बघून मान हलवली. नाही, अजून नाही.