ढोलीतला आवाज

आमचा चित्रपट पक्षी बघत हिंडणाऱ्या पाच पोरापोरींचा. नट परवडत नव्हते, म्हणून खऱ्या पक्षीक्लबमधलीच पोरं घेतली होती आणि आवाजाची बाजू मी सांभाळत होते. त्या पोरांत माझी भाची. पंधरा वर्षांची, गळ्यात कायम दुर्बीण, आणि मावशीला काही कळत नाही याची पक्की खात्री.

गोष्टीचा शेवट असा की पोरांना घुबडाची पिल्लं सापडतात आणि ती जागा कुणालाच सांगायची नाही असं ती ठरवतात. मला त्या पिल्लांचा आवाज खराखुरा हवा होता. मी भाचीच्या मागे भुणभुण लावली.

"मावशी, घरटं कुठाय ते सांगायचं नसतं," ती म्हणाली. "सांगेल तो क्लबमधून बाहेर."

नियम उगाच केलेला नव्हता. दोन वर्षांपूर्वी एका घरट्याची जागा फुटली, कॅमेरेवाल्यांची झुंबड उडाली आणि आईबाप पिल्लांना सोडून निघून गेले. त्यातून घुबडं दरवर्षी त्याच ढोलीत येतात, म्हणजे जागा एकदा फुटली की कायमची फुटली. हे सगळं मला ठाऊक होतं. तरी मी पिच्छा सोडला नाही. लाज वाटायला हवी होती, ती तेव्हा वाटली नाही. जागा कुणाला ओळखू येणार नाही, एवढी शपथ मात्र घेतली.

शेवटी एका सकाळी ती मला पाण्याच्या पंपघरामागच्या जुन्या झाडापाशी घेऊन गेली. मी यंत्र सुरू केलं. नंतर जोडताना गोंधळ नको म्हणून आमच्याकडे प्रत्येक आवाजाआधी तारीख, वेळ आणि जागा बोलायची पद्धत आहे, तसं बोलले आणि काठीला बांधलेला माइक ढोलीशी नेला. आत नुसता चिवचिवाट चालला होता. डोकावायला भाचीने बंदी घातली होती. मी कानांवर पोट भरणारी बाई, मला बघायची गरजही वाटली नाही.

शनिवारी दुपारी क्लबला कच्ची प्रत दाखवायची ठरली. शाळेचा हॉल, भाड्याने आणलेले मोठे स्पीकर. पुढच्या रांगेत पोरं आणि मधोमध त्यांची प्रमुख, सोळा वर्षांची मुलगी. तिला सगळे फौजदार म्हणतात आणि ती त्या नावाला जागते. भाची तिच्या शेजारी बसली होती, मी मागे दिग्दर्शकाजवळ.

शेवटचा प्रसंग आला. पडद्यावर पोरं श्वास रोखून उभी, ढोलीतून चिवचिवाट. आणि त्याच्यामागे कुई, कुई, कुई, खट्.

पंपघराचा पंप. तीनदा कुरकुरतो आणि एकदा खटकतो, आमच्या भागातल्या कुठल्याही पोराने झोपेत ओळखावा. माझ्या खोलीतल्या छोट्या स्पीकरांनी तो गिळला होता. चित्रीकरण आम्ही मुद्दाम पार दुसऱ्या टोकाच्या झाडाखाली केलं होतं, आणि इथे मीच टिपलेल्या आवाजाने जागा सांगून टाकली होती. माझी पाचावर धारण बसली. भाची आता क्लबमधून जाणार, माझ्याशी जन्मात बोलणार नाही, आणि तिचं बरोबरच असेल.

तेवढ्यात फौजदार हसली. आधी दाबून, मग तिला दाबता येईना. मग अख्खी रांग. चित्रपटातला सगळ्यात हळवा प्रसंग आणि पोरं पोट धरून लोळतायत. दिग्दर्शकाने माझ्याकडे असं पाहिलं की बसल्या जागी खुर्चीखाली जावंसं वाटलं.

दिवे लागताच मी तडक पुढे गेले. "चूक माझी आहे," मी फौजदारला म्हणाले. "तिला काढू नका. मीच तिच्या मागे लागले होते."

"कशाबद्दल काढू?" तिने डोळे पुसत विचारलं.

"पंपघर. ऐकू आलं ना?"

"आलं की. पण पंपघरामागे साळुंक्या असतात, मावशी. घुबडाचं पिल्लू चिवचिवत नाही. फुसफुसतं, कुकरची वाफ निसटते तसं."

मी भाचीकडे पाहिलं. ती बुटाच्या नाड्यांकडे बघत होती.

"तू मला साळुंकीकडे नेलंस?"

"तू ऐकतच नव्हतीस. नाही म्हटलं की रुसत होतीस. मग काय करू? नंतर सांगणार होते, पण तू इतकी खूश होतीस."

माझा जीव भांड्यात पडला. खरं तर रागवायला हवं होतं, कारण त्या साळुंक्यांचा एकेक चिवचिवाट मी तीन आठवडे घासूनपुसून लख्ख केला होता. पण राग येईचना. पोरगी आपल्या जागी होती, घुबडं आपल्या जागी होती आणि मूर्ख ठरले होते ती फक्त मी. इतक्या स्वस्तात सुटणं माझ्या वाट्याला फारसं येत नाही. मलाही हसू फुटलं.

दिग्दर्शकाला मात्र नाही. "आता मी घुबड कुठून आणू?" तो म्हणाला.

भाचीने फौजदारकडे पाहिलं. फौजदारने मान डोलावली. मग भाचीने खिशातून फोन काढला.

"त्याच आठवड्यात मी खऱ्या पिल्लांचं रेकॉर्डिंग केलं होतं, लांबून. क्लबला विचारल्याशिवाय द्यायचं नव्हतं. काल विचारलं, तर ही म्हणाली, आधी चित्रपट बघू."

मी हेडफोन कानाला लावला. आधी थोडी खरखर. मग तिचा आवाज, माझ्यासारखाच सपाट, माझ्याच पद्धतीने एकेक शब्द सुटा.

"तारीख नऊ. वेळ सकाळी सहा वाजून दहा मिनिटं. जागा, सांगणार नाही."

आणि मग कुकरची वाफ निसटायला लागली.