काळा करकोचा

"कुणी केलं हे?" दादासोंनी स्मारकाच्या कठड्यावरची कागदी पाखरांची माळ ओरबाडून काढली. पोरं माझ्यामागे सरकली.

"मी शिकवलं," मी म्हणाले. "जपानात अणुबॉम्ब पडला, त्यानंतर तिथली मुलं असे करकोचे करून मेलेल्यांच्या आठवणीला वाहतात. पुन्हा लढाई नको म्हणून."

"मला जपान सांगू नका, परवीनबाई. ह्यो कावळा हाय."

त्यांच्या मुठीत ओवीचा करकोचा होता. पांढरा कागद संपला, म्हणून मी तिला शिराळ्याहून आणलेला काळा कागद दिला होता. ओवी ही दादासोंची नात. चौथऱ्यावरच्या दगडावर तिच्या वडिलांचं, अवधूतचं नाव आहे. सीमेवरच्या चकमकीत तो गेला तेव्हा ती पाळण्यात होती. पप्पांच्या दगडाला आपल्या हातचं पाखरू बांधायचं, एवढ्यासाठी ती महिनाभर घड्या शिकत होती.

"गावानं हसावं म्हणून टांगलासा? अवधूतच्या धाव्याला पिंडाला शिवला न्हाई त्यो. दुपार कलली तरी न्हाई. शेवटी भटजीनं दर्भाचा कावळा करून पिंडाला लावला. सगळा घाट कुजबुजत हुता. तुमच्यात हे नसतंय, तुमास्नी काय कळणार!"

उभी हयात या गावात शिकवण्यात गेली. मला ते कळत होतं. काळा कागद हाती देताना मात्र सुचलं नाही.

"आबा," ओवीनं विचारलं, "पप्पांचं काय राहिलं होतं?"

"मला काय ठावं! पोरीला शिकवू म्हणलो. सुनंला अंतर देणार न्हाई म्हणलो. बदला घिऊ म्हणलो. तरी येईना."

"आता लढाई पुरे झाली, असं म्हणालात का?" मी विचारलं.

"बाई, तोंड आवरा! तुमचा न्हाई गेला पोरगा."

त्यांनी करकोचा चुरगाळून फेकला. ओवीनं तो उचलला, मांडीवर घासून सपाट केला आणि पुन्हा घड्या घालू लागली. चोच वाकडी झाली. मी हात पुढे केला नाही.

"ओवे, घरला चल."

"माझे पप्पा गेलेत. मी बांधणार."

हे सगळं मीच पढवलंय, अशा नजरेनं दादासोंनी माझ्याकडे पाहिलं.

"बांध. मी बघणार न्हाई," म्हणाले आणि पाठ फिरवून उभे राहिले. ओवीची गाठ सारखी सुटत होती. तिला सोडून ते घराकडे निघाले नाहीत.