पिसवा माझ्या होत्या

मी घोंगडी. आचऱ्याला गुरुदासांच्या घरी माझा मुक्काम. घाटावरच्या धनगराने मला विणलं आणि आपल्या खांद्यावरून इथे आणून विकलं. सतरंजी येईपर्यंत या घरात माझ्यासारखी मीच होते.

तेव्हा माझे लाड जानकी करायची. जानकी म्हणजे गुरुदासांची धाकटी लेक. पिसवा झाल्याचा नुसता संशय आला तरी भर दुपारी ती मला कातळावर घेऊन जाई. चार कोपऱ्यांवर चार दगड ठेवून मला तापू देई, काठीने बडवी, उलटी करून पुन्हा तापवी. मग निर्गुडीचा पाला घालून घडी घाली. पिसवांची काय बिशाद होती!

अठ्ठावन्न साली वैशाखात तिचा थोरला भाऊ सत्यवान मुंबईहून आगबोटीने आला आणि सोबत ती सटवी घेऊन आला. तांबडे-निळे पट्टे आणि टोकाला गोंडे. जो तो येऊन तिच्यावरून हात फिरवू लागला. जानकीसुद्धा. मला पडवीच्या कोपऱ्यात टाकलं. तिथे मांजर व्याली, तीही माझ्यावरच. पावसाळाभर पिसवांनी मला पोखरलं, पण कोणी ढुंकून पाहिलं नाही. माझा नुसता जळफळाट होत होता.

तुळशीचं लग्न झालं आणि वालावलहून मुलाकडचे जानकीला बघायला येणार असा निरोप आला. तिची आई रुक्मिणी कामाला लागली. सारवण करताना तिने सतरंजी काढली.

"जानके, हिका भुंयर ठेव नको, ओल लागतली. त्या घोंगडेर ठेव."

"आये, वायच उन्हात घालू?"

"नको गो, रंग जातलो."

तीन दिवस ती माझ्या उरावर बसून होती. ओल लागायची तर मला लागू दे, तिला नको! मग मीही पिसवांना म्हटलं, जा गं बायांनो, वर मऊ आहे, नवं आहे. त्या गेल्या. मला इतका आनंद कधीच झाला नव्हता.

पाहुणे आले. मुलाची आई नर्मदाबाई आणि मामा दाजी. ओटीवर सतरंजी पसरली होती. जानकीने पोह्यांच्या बशा ठेवल्या. दाजी आधी पोटरी खाजवू लागले, मग कंबर. मी पडवीतून बघत मनातल्या मनात हसत होते. नर्मदाबाईंनी पदरावरची एक पिसू चिमटीत धरली आणि नखावर चिरडली.

"वयनी, सतरंजी बरी आसा," त्या रुक्मिणीला म्हणाल्या, "पण घरातल्या चेडवाक ती उन्हात घालूची सवय नाय वाटता."

जानकी खाली मान घालून उभी राहिली. उन्हात घालू का असं आपणच विचारलं होतं, हे तिने सांगितलं नाही. आईही गप्प राहिली. तेव्हा माझं हसणं थांबलं. पाहुण्यांनी कळवतो म्हटलं आणि कधीच कळवलं नाही.

दुसऱ्या दिवशी रुक्मिणीने सतरंजीवर उकळतं पाणी ओतलं. तांबडा रंग निळ्यात गेला, गोंडे आक्रसले. पिसवा मुंबईहूनच आल्या असं घरात ठरलं. मला कातळावर तापवून पुन्हा ओटीवर मानाने घातलं. सतरंजी आता गोठ्यात असते.

याला सहा वर्षं झाली. वालावलच्या त्या मुलाला आता दोन मुलं आहेत. जानकीला त्यानंतर दोन स्थळं आली, पण "त्या पिसवांच्या घरातली" हे त्यांच्या कानावर गेलं आणि तीही फिसकटली. दुपारी ती माझ्यावर आडवी होते, माझ्या लोकरीतून बोटं फिरवते.

"तूच बरी गो," ती म्हणते. "तू माका कधी फसवूक नाय."

मला तोंड नाही. तुम्हाला आहे. वालावलला कोणी जात असाल तर नर्मदाबाईंना एवढंच सांगा, चेडू आळशी नव्हतं. पिसवा माझ्या होत्या. आणि जानकीला मात्र हे सांगू नका.