दोन दारांमधला बाक

डोळे मिटा, मुलांनो, आणि कोर्टाच्या इमारतीतला एक लांब बोळ मनात आणा. खिडकी फक्त टोकाला, त्यामुळे भर दुपारीही दिवे लागलेले. बोळाच्या या बाजूला एक दार, त्या बाजूला दुसरं आणि मधे भिंतीला टेकवलेला एक लाकडी बाक. एका दाराआड कामगारांचे खटले चालतात, दुसऱ्या दाराआड शाळेतल्या शिक्षकांचे. आता त्या बाकावर एक बाई बसवा आणि शेजारी तिची मुलगी. मुलीचे पाय जमिनीला टेकत नाहीत, म्हणून ती ते सारखे हलवते आहे. बसवलंत दोघींना? मग ऐका.

ही बाई एका खाजगी शाळेत बालवर्गाची ताई होती. ताईंच्या वर्गात पाटी नव्हती, पुस्तक नव्हतं. त्यांनी स्वतः शिवलेलं कापडाचं अस्वल होतं, एका कानाचा ससा होता, फुगलेली मांजर होती. दुकान दुकान खेळता खेळता मुलं मोजायला शिकत, दवाखाना खेळता खेळता रडणाऱ्याला धीर द्यायला. प्रवेशाच्या वेळी आईबाप धास्तावून विचारत, एवढ्याशा पोरांना तुम्ही काय काय शिकवता हो? ताई हसून म्हणत, "आम्ही काही शिकवत नाही, नुसतं खेळतो." ऐकणाऱ्याचा जीव भांड्यात पडे. हे वाक्य त्यांच्या जिभेवर इतकं बसलं होतं, की झोपेतून उठवून विचारलं असतं तरी तेच आलं असतं.

एके वर्षी शाळेच्या संचालकांनी ठरवलं, बालवर्गाची लेखी परीक्षा घ्यायची. ताई भांडल्या नाहीत, त्यांनी आवाज चढवला नाही. फक्त प्रश्नपत्रिका वाटल्या नाहीत. पुढच्या सोमवारी फाटकावरच्या रखवालदाराने मान खाली घालून सांगितलं, की तुम्हाला आत सोडायचं नाही असा हुकूम आहे. अस्वल, ससा आणि मांजर त्यानेच पिशवीत भरून आणून दिली.

ताईंना आपला वर्ग परत हवा होता. बाकी कशाची आस नव्हती. नवरा म्हणाला, दुसरी शाळा बघ. त्यांनी बघितल्या. पण नव्या शाळेने जुन्या शाळेला फोन केला, की बोलणं तिथेच आटपे. तेव्हा ताईंच्या वडिलांचे जुने स्नेही वकीलकाका म्हणाले, चल, दाद मागू.

आता इथे जरा नीट लक्ष द्या. प्रत्येक न्यायाधीशाला कायद्याने एक अंगण आखून दिलेलं असतं. त्या अंगणातलं भांडण त्याने सोडवायचं. रेघेबाहेर कुणी कितीही रडत असलं तरी त्याला हात लावता येत नाही. ते वाईट म्हणून नाही. रेघ असते म्हणून.

वकीलकाकांनी ताईंना आधी कामगारांच्या दारातून आत नेलं. तिथल्या न्यायाधीशांनी सगळं शांतपणे ऐकलं. शाळेच्या वकिलाने म्हटलं, या शिक्षिका आहेत, आणि शिक्षकाला कायदा कामगार म्हणत नाही. न्यायाधीशांनी मान डोलावली आणि सांगितलं, तुमची जागा समोर, शाळा न्यायाधिकरणात.

मधे कित्येक तारखा गेल्या. मुलीला सांभाळायला घरी कुणी नसे, म्हणून तीही येई. एका जागी ठरत नसे म्हणून तिला भिंगरी म्हणत. पण त्या बाकावर मात्र ती गप्प बसून सगळं ऐके. शिपाई एकदा ताईंना म्हणाला, "या बाकावरच कोर्ट भरवा ना ताई, निकाल तरी लागेल." ताई हसल्या. तेव्हा त्यांना अजून हसू येत होतं.

न्यायाधिकरणातल्या सुनावणीच्या आधी वकीलकाकांनी ताईंना बाकावर बसवून पढवलं. समोरचा म्हणणार, कायद्यातली शाळा पहिलीपासून सुरू होते, बालवर्ग त्यात नाही. पण पहिलीच्या बाई बाळंतपणाच्या रजेवर असताना त्यांचा वर्ग तूच चालवलास. तेवढं सांग. वाचायला शिकवलं, लिहायला शिकवलं, असं म्हण. आपलं पाऊल रेघेच्या आत पडेल.

ताईंनी मान हलवली. आत गेल्या. शाळेचा वकील तरुण होता, बोलायला गोड. एखाद्या पालकासारखा पुढे वाकून त्याने विचारलं, "बाई, एवढ्याशा मुलांना तुम्ही काय काय शिकवता हो?"

आणि ताई सवयीने हसल्या.

"आम्ही काही शिकवत नाही, नुसतं खेळतो."

वकीलकाकांनी डोळे मिटून घेतले. ताईंनी घाईघाईने पहिलीच्या वर्गाचं सांगितलं, पण आधीचं वाक्य लिहून झालं होतं. निकाल आला: बालवर्ग कायद्यातल्या शाळेत मोडत नाही, आणि अपील करणारी शिकवण्याचं काम करत नव्हती हे तिनेच कबूल केलं आहे. सबब या न्यायाधिकरणाला अधिकार नाही.

"म्हणजे त्या दारात मी शिक्षिका," ताई बाकावर बसून म्हणाल्या, "आणि या दारात नाही."

वकीलकाकांनी निकालाचा कागद घडी करून पिशवीत ठेवला. मग म्हणाले, वरचं न्यायालय आहे, पण तिथे वर्षं जातात, आणि माझं वय तुला दिसतंच आहे. त्यांनी ताईंच्या डोक्यावर हात ठेवला आणि जिना उतरू लागले.

घरी आल्यावर ताई चहाही न करता भिंतीला टेकून बसल्या. आपल्या वर्गात आता कुणीतरी प्रश्नपत्रिका वाटत असेल, एवढंच त्यांच्या मनात येत राहिलं. आतल्या खोलीतून भिंगरीचा आवाज आला. ती खेळत होती. मुलं जे बघतात तेच खेळतात, आणि जे खेळतात तेच शिकतात, असं ताई किती जणांना सांगत आल्या होत्या. त्या उठून दाराशी गेल्या.

भिंगरी उशांच्या उंच आसनावर बसली होती. समोर अस्वल होतं. तिने त्याचं गाऱ्हाणं मन लावून ऐकलं आणि म्हणाली, "तुमचं बरोबर आहे. पण इथे नाही." अस्वल उचलून तिने उंबऱ्याबाहेर ठेवलं. मांजरीला तेच सांगितलं. एका कानाच्या सशाला जरा जास्त वेळ दिला, मग त्यालाही बाहेर नेलं.

खोली रिकामी झाली. भिंगरी पुन्हा आसनावर चढली, इकडेतिकडे पाहिलं. मग हळूच खाली उतरली, उंबरा ओलांडून बाहेर आली आणि सशाच्या शेजारी, रांगेच्या शेवटी, जाऊन बसली.