शेवटच्याला दहा

“आत्यांचा रकाना नीट बघ,” असे पेन्सिलीने मला गेल्या वर्षीच बजावले होते. मी म्हटले, “तुला सवयच आहे टोचून बोलायची.” मित्रांनो, ती चूक माझी.

मी एक जुनी गुणांची वही आहे. देशोदेशीचे गायक वर्षातून एकदा एका मंचावर येतात आणि त्यांची स्पर्धा टीव्हीवर लागते. त्या संध्याकाळी या घरात मला कपाटातून काढतात. बाबा दरवर्षी म्हणतात, “कसले हे कपडे, कसली ही गाणी! बंद पडणार बघा हे.” आणि सगळ्यांच्या आधी सोफ्यावर जागा धरतात. बावीस वर्षे झाली. ना स्पर्धा बंद पडली, ना बाबांचे तोंड. माझी पाठ मात्र दोनदा चिकटवून झाली.

माझ्यात एक रकाना बाबांच्या आत्यांचा. त्या दोन गल्ल्या पलीकडे एकट्या राहतात. निकाल लागला की त्यांचा फोन येतो, “शेवटच्या देशाला माझे दहापैकी दहा. एवढ्या लांबून आलेलं लेकरू, रिकाम्या हाताने कसं पाठवायचं?” सगळे हसतात, आई लिहून घेते.

गेल्या वर्षी हा फोन दुसऱ्या दिवशी आला. “जरा घेरी आली होती गं, त्यात काय!” आईने समासात लिहिले, ‘उशिरा. घेरी.’ पेन्सिल मला बोलली ती तेव्हाच.

यंदा निकाल लागला, फोन आला नाही. आईने केला, तो कुणी उचलला नाही.

“झोपली असेल. सकाळी करेल,” बाबा म्हणाले.

आई मला मिटू लागली. मी मिटले नाही. पोटात अडकलेली पेन्सिल घट्ट धरली आणि गेल्या वर्षीच्या पानावर हट्टाने उघडी राहिले. आईने समास वाचला. खुंटीवरची आत्यांची किल्ली ओढली आणि मला तशीच काखोटीला मारून ती धावली.

आत्या स्वयंपाकघरात पडल्या होत्या. पाय हलत नव्हता. फोन ओट्यावर, हात पोचणार नाही असा. आईने रुग्णवाहिका बोलावली, त्यांचे डोके मांडीवर घेतले.

“शेवटच्याला दहा लिहिलेस का गं?”

“तुम्ही सांगितल्याशिवाय कशी लिहू?”

आईने एका हाताने त्यांचे डोके सावरत दुसऱ्या हाताने लिहिले. माझ्या आयुष्यातला तो सर्वांत वाकडा दहा.

मित्रांनो, मला जपा असे मी म्हणणार नाही. मला डिंक पुरतो. पण तुमच्याकडेही कुणाचा तरी ठरलेला फोन आज आला नसेल. सकाळची वाट पाहू नका. आत्ताच जाऊन बघा. आणि जाताना किल्ली घ्या.