चालादीची काठी

सकाळी आठ वाजता बिमुर्झाकाकांच्या अंगणातल्या टेबलावर मांस भरलेल्या तीन कुब्दारी रोट्या, चीजचे दोन गोल, दह्याचं एक मडकं, काकडी-टोमॅटोचं ताट, लसूण घालून कुटलेल्या मिठाची वाटी, घरच्या दारूच्या दोन बाटल्या आणि सात पेले होते. माणसं सहा होती: काका, तम्ता आणि चार पाहुणे. सातवा पेला दिसताच तम्ताला कळलं, की शेजारचे चिचिको आता सहज म्हणून डोकावणार. म्हणजे अर्धा तास गेलाच.

चिचिको डोकावले.

तम्ताने ठरवलेला क्रम अगदी साधा होता. आधी हिमनदी, मग जेवण. अकराच्या आत बर्फावर, एकपर्यंत खाली, आणि मग काकांनी पाहुण्यांना काय खिलवायचं-पाजायचं ते खुशाल करावं. पण 'चालादीची हिमनदी आणि स्वानेतीच्या पाच चवी' ही सहल काकांच्या डोक्यातून निघालेली. त्यांच्या मते त्यातली हिमनदी ही सहावी चव होती, आणि ती शेवटीच यायला हवी.

"काका, उन्हं चढली की वरचे दगड सुटायला लागतात," ती त्यांना कडेला घेऊन म्हणाली. "दोननंतर मी कुणालाही बर्फावर नेत नाही. तुम्हाला माहीत आहे."

"दगड काय आजच सुटतायत? मी शेंबडा होतो तेव्हापासून सुटतायत. आणि उपाशी पाहुणा माझ्या उंबऱ्याबाहेर पडला, तर तुझी जाबुलीकाकू मला जन्मभर ऐकवेल. बस गं जरा."

दगडांचं कारण खरं होतं, पण पुरतं खरं नव्हतं. हिमनदीच्या जिभेवर तम्ताची एक काठी होती. काठी गावाच्या भाषेत. खरी ती दोन मीटरची पांढरी प्लास्टिकची नळी. एक ऑगस्टला तिने बर्फात भोक पाडून ती टोकापर्यंत आत सोडली होती. बर्फ वितळेल तशी नळी उघडी पडते. जेवढी बाहेर आली, तेवढा बर्फ गेला. जॉर्जियाच्या राजधानीतल्या, तिबिलिसीच्या हिमनदी-संस्थेला तीन उन्हाळ्यांचे सलग आकडे हवे होते. दोन पूर्ण झाले होते. तिसऱ्याचा हा शेवटचा आकडा राहिला होता, आणि उद्यापासून नवा बर्फ पडेल असा अंदाज होता. आकडा मिळाला तर इथली, मेस्तियातली तिची नोकरी पक्की. नाही मिळाला तर चालादीचं मोजमाप बंद, आणि तम्ताने तिबिलिसीत चौथ्या मजल्यावर बसून दुसऱ्यांनी मोजलेल्या हिमनद्यांचे आकडे भरायचे. हे सगळं तिने काकांना सांगितलं होतं. एकदा नव्हे, अनेकदा.

काका उठले. पेला उचलून बोलायचा मान ज्याचा, तो तमादा. आणि काकांच्या अंगणात तो दुसऱ्या कुणाला मिळणं शक्यच नव्हतं. पहिला पेला देवाचा. दुसरा देवदूतांचा. तिसरा संत जॉर्जचा. हे तीन टाळता येत नाहीत, त्यामुळे तम्ताने ते हिशेबात धरलेच होते. धरला नव्हता तो अनुवाद. काकांना रशियन उत्तम यायची, पण पोलंडहून आलेल्या बोग्नाबाई पहिल्याच दिवशी म्हणाल्या होत्या, की रशियन मी शाळेत शिकले आणि मग कष्ट घेऊन विसरले. लिथुआनियाच्या तरुण जोडप्याला ती येतच नव्हती. तेव्हा काका जॉर्जियनमध्ये बोलणार आणि तम्ताने ते इंग्रजीत सांगायचं. जो उशीर तिला नको होता, तो तिच्याच तोंडून दुप्पट होत होता. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात, इथे तर तोंड उघडं ठेवून होता.

तिने भाषणं आवळायला सुरुवात केली. संत जॉर्जच्या पेल्याला काकांनी डोंगर, बैल, वडिलांची तलवार आणि एकोणीसशे सत्त्याऐंशीचा हिमलोट एवढं सगळं गुंफलं. तम्ता म्हणाली, "संत जॉर्ज तुमचं रक्षण करो."

बोग्नाबाईंनी चष्म्यावरून पाहिलं. त्या निवृत्त मुख्याध्यापिका होत्या. "एवढंच? त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, मुली."

मग तिला बैलांपासून पुन्हा सुरुवात करावी लागली.

निघाले तेव्हा दहा वाजून गेले होते. काकांनी घोड्यावर दोन्ही बाजूंनी टोपल्या लादल्या. कुब्दारी आणि चीज अशा दोन चवी अंगणातच झाल्या होत्या. तिसरी पुलापाशी, मधाची. मध चमच्याने चाटायचा आणि वर दारूचा घोट घ्यायचा. मधाला पेला लागत नाही असं तम्ताला वाटत होतं, पण मधमाश्यांना लागतो. बोग्नाबाईंचे यजमान लेशेक यांना मधमाश्यांविषयी फार प्रश्न होते. पोळी किती, राणी कधी बदलता, थंडीत काय करता. प्रश्न इंग्रजीत, उत्तरं जॉर्जियनमध्ये, आणि मधे तम्ता. पायाखाली नदी दुधट राखाडी रंगाची, आणि सकाळपेक्षा वाढलेली. वर बर्फ वितळत होता, नळी उघडी पडत होती, आणि ती इथे राणीमाशीचं वय सांगत उभी होती.

पाइनच्या रानात शिरल्यावर ती मुद्दाम पुढे झाली आणि भराभर चालू लागली. मागे सगळे ओढले जातील असा तिचा अंदाज. वळणावर मागे पाहिलं तर वाट रिकामी. परत आली, तर सगळे दरडीखाली मेलेल्या एका गिर्यारोहकाच्या स्मारकापाशी बसलेले. दगडात कोरलेला चेहरा, पुढे दगडी टेबल, बाकं. येणाऱ्या-जाणाऱ्याने त्याच्या नावाने घोट घ्यावा म्हणून नातेवाइकांनी बांधलेलं. काकांनी चौथ्या चवीचं, फडक्यात गुंडाळलेलं पातेलं उघडलं होतं. बटाटा आणि चीज घोटून केलेला ताश्मिजाबी अजून वाफाळत होता. त्याची तार किती लांब ओढली जाते, हे लिथुआनियाची मुलगी उभी राहून पाहत होती आणि तिचा नवरा फोटो काढत होता.

"काका, आपण याला ओळखतसुद्धा नव्हतो," तम्ता दातांमधून म्हणाली.

"म्हणून काय तहानलेला ठेवायचा?"

मेलेल्यांच्या पेल्याला मधेच उठता येत नाही. एकदा सुरू झाला की आपल्या घरचे, मग पाहुण्यांच्या घरचे, मग ज्यांच्या नावाने पेला घ्यायला कुणी उरलं नाही ते. लेशेक यांनी आपल्या भावाचं नाव सांगितलं आणि मान खाली घातली. बोग्नाबाईंनी त्यांचा हात धरला. तम्ताला आपल्याच घाईची लाज वाटली, आणि लाज वाटली म्हणून आणखी राग आला. तिने घड्याळ बाहीखाली सरकवलं. त्याने काही फरक पडला नाही.

रान संपून दगडांच्या उतारावर पोचले तेव्हा सव्वादोन झाले होते. समोर हिमनदीची जीभ, माती-दगडांनी माखलेली, मधे मधे निळसर. तोंडातून नदी गर्जत बाहेर येत होती. डावीकडून एक धोंडा सुटला, दोनदा आपटला आणि खाली धुरळा उडाला. मग आणखी एक, लहान.

"इथेच थांबायचं," तम्ता म्हणाली. "आज बर्फावर जाता येणार नाही."

लिथुआनियाच्या मुलाने तोंड वाकडं केलं. पायाला बांधायचे खिळे त्याने तिबिलिसीतून विकत आणले होते. तम्ताने माफी मागितली. तिच्या आवाजाला धार आली होती आणि ती तिलाही ऐकू येत होती. मग तिने दुर्बीण काढली. निदान नळी पडलेली नाही एवढं तरी दिसावं.

नळी दिसली. लगेच दिसली, कारण तिला लाल फडकं बांधलेलं होतं. सरळसोट उभी होती. तम्ताच्या हिशेबाने ती आतापर्यंत कलायला हवी होती. तिने दुर्बीण खाली घेतली, पुसली, पुन्हा लावली. नळीच्या बुंध्याशी दगड रचलेले होते.

मागे काका पाचवी चव मांडत होते. ओढ्याने आणून टाकलेल्या बर्फाचे तुकडे पेल्यांत घातले, वर दारू ओतली आणि उभे राहिले.

"हा पेला आमच्या तम्ताचा," ते म्हणाले. "सकाळपासून पोरगी माझ्यावर फुरंगटलीय. मला दिसत नाही असं तिला वाटतं. या पोरीची एक काठी आहे, ती बघा तिकडे. नवऱ्याला कुणी एवढं भेटत नाही एवढी ही काठीला भेटायला येते. परवा मी पूल ठीक करायला आलो, तसाच वर गेलो, तर काठी वाकडी. म्हाताऱ्याच्या दातासारखी हलतेय. म्हटलं, पाहुणे यायचेत, आणि आमच्या घरच्या मुलीची काठी अशी? उपटली. शेजारच्या भेगेत कंबरभर आत घातली, दगड रचले, फडकं बांधलं. आता भूकंप आला तरी हलायची नाही. तम्ता, तुझं काम असंच पक्कं राहो."

पहिली तीन वाक्यं तम्ताने इंग्रजीत सांगितली. पुढची सांगितली नाहीत.

"काय म्हणाले ते?" बोग्नाबाईंनी विचारलं.

"म्हणाले, मला मदत केली." मग ती काकांकडे वळली. "काका, ती काठी नव्हती. माप होतं ते. बर्फातून किती बाहेर आली एवढंच मला हवं होतं. वाकडी असली तरी चाललं असतं. पडायला आलेली असली तरी चाललं असतं. फक्त कुणी हात लावायला नको होता."

काकांनी पेला न पिता खाली ठेवला. स्वतः उचललेला पेला तमादाने असा ठेवलेला तम्ताने कधी पाहिला नव्हता.

"मला सांगायचं नाही होय?"

"तीन वर्षं सांगतेय."

"तू जेवताना सांगतेस," काका म्हणाले. "जेवताना मी बोलत असतो."

वरून पुन्हा दगड सुटल्याचा आवाज आला. तम्ता एका धोंड्यावर बसली. तिला ओरडावंसं वाटत होतं आणि कुणावर ते नीट ठरत नव्हतं. तिबिलिसीचा चौथा मजला तिला स्पष्ट दिसला, खिडकीसकट. मग तिने विचारलं, "उपटण्याआधी केवढी होती बाहेर?"

"वाकडी होती."

"उपटण्याआधी सरळ करून पाहिली असेल ना?"

"केली. खाली दाबून पाहिली, तसूभर आत जाईना. मग दम लागला. माझं वय काय आता? जरा तिच्यावर हनुवटी टेकून उभा राहिलो."

तम्ता उठली. "कशावर उभे होता?"

"बर्फावर. कशावर असणार?"

"नळीला लागून? खळग्यात, दगडावर नाही?"

"सपाटीवर. पाय घसरू नये म्हणून बघूनच उभा राहिलो की."

"पायांना खिळे?"

"घरच्या बर्फावर खिळे? हेच रबरी बूट."

तिने पिशवीतून मोजपट्टी काढली आणि बोग्नाबाईंना काय झालं ते दोन वाक्यांत सांगितलं: हनुवटी टेकली ते नळीचं टोक, टाच होती तो बर्फ, मधलं अंतर म्हणजे बाहेर आलेली नळी. बाईंनी पेला लेशेक यांच्या हातात दिला, गुडघ्यावर बसल्या आणि पट्टीचं टोक काकांच्या बुटाच्या टाचेशी दाबून धरलं. लेशेक यांनी सपाट दगड शोधून दिला. काका त्यावर चढले आणि छाती काढून उभे राहिले. हनुवटीपाशी पट्टी एकशे सत्तावन्नवर गेली.

"असे नाही," तम्ता म्हणाली. "दमल्यासारखे उभे राहा. परवासारखे."

"पाहुण्यांसमोर?"

"पाहुण्यांसमोर."

काकांनी एकदा हिमनदीकडे पाहिलं, एकदा बाईंकडे. मग खांदे सोडले, पाय जरा फाकवले आणि तम्ताने पुढे धरलेल्या चालायच्या काठीच्या मुठीवर हनुवटी टेकवून डोळे मिटले. तिने मूठ हळूहळू खाली घेतली, जिथे त्यांना बरं वाटलं तिथे थांबवली आणि आकडा वाचला. त्यांना दगडावरून उतरवून, चार पावलं चालवून पुन्हा उभं केलं. असं तीनदा. ताठ उभं राहून आलेला आकडा तिने धरला नाही.

एकशे एक्कावन्न. एकशे चोपन्न. एकशे एक्कावन्न. सरासरी एक मीटर बावन्न सेंटीमीटर, तीन सेंटीमीटर इकडे-तिकडे. तिसऱ्या उन्हाळ्याचा शेवटचा आकडा म्हणून तिने तो वहीत लिहिला, परवाच्या तारखेने.